पिशीमांच्या खिडकीतला रिठा

कोलकत्याहून येऊन महिना झाला, तरी कऱ्हाडात भेटेल तो मला एकच विचारतो, रसगुल्ले आणले का? नाही आणले. मी तिकडून राग आणला आणि तो अजून उतरलेला नाही. प्रवासाचं लिहायचं तर गोड लिहावं, असा एक शिरस्ता आहे. ज्यांना फक्त गोडच हवं आहे त्यांनी सरळ मिठाईच्या दुकानात जावं.

माझी धाकटी बहीण शैला तिथे राहते. तिचे यजमान विनायकराव बँकेत मोठे अधिकारी. गावोगावच्या बदल्या करत ते शेवटी कोलकत्याला पोचले आणि आता निवृत्तीला दोन वर्षं उरलीत. बँकेची जागा लांब मिळत होती. ती सोडून त्यांनी बागबाजारात एका जुन्या घराचा वरचा मजला भाड्याने घेतला, कारण तिथून गंगा जवळ. शैला दर फोनला ये म्हणायची आणि लगेच पुढे जोडायची, येताना रिठे आण, इथे आपल्यासारखे मिळत नाहीत. फाल्गुनात मी निघाले. पिशवीत गावच्या वाण्याकडचे रिठे, शिकेकाई आणि तिळाच्या वड्या. गाडीतल्या दोन दिवसांबद्दल सांगण्यासारखं काही नाही. माणसं झोपतात, खातात आणि फोनवर मोठ्याने बोलतात, तेच सगळीकडे चालतं.

बागबाजार

घर गल्लीच्या टोकाला. हिरव्या झडपांच्या उंच खिडक्या, मध्ये चौकोनी अंगण, जिन्याखाली एक सिमेंटचा हौद. त्याला तिथे चौबच्चा म्हणतात. खाली घरमालक तपनबाबू, त्यांची बायको, मुलगा आणि सून राहतात. तपनबाबूंच्या बायकोला सगळे बौदी म्हणतात, म्हणजे वहिनी, म्हणून मीही तेच म्हणते. सून झिनुक. तिला दिवस गेलेले आणि दोन-तीन दिवसांवर तिचा ‘शाध’ आलेला. शाध म्हणजे आपलं डोहाळजेवण. फक्त आपल्याकडे झोपाळा सजवतात आणि यांच्याकडे मासे.

पहिल्या सकाळी चहाचा कप घेऊन मागच्या गॅलरीत गेले आणि समोर बघते तर काय, रिठ्याचं झाड! चांगलं दुमजली उंच. पानं गळत आलेली आणि फांद्याफांद्यांना सुरकुतलेल्या तांबूस फळांचे घोस, तीन-तीन फळं एकमेकांना चिकटलेली. मी शैलाला हाक मारली. हे काय आहे? ती म्हणाली, काहीतरी जंगली लिची आहे, खायची नसते, एका पोराने खाल्ली तर ओकला. वर्षभर हिच्या डोळ्यांसमोर रिठा लगडला होता आणि ही माझ्याकडून कऱ्हाडातून रिठे मागवत होती. काखेत कळसा नि गावाला वळसा. मला हसू यायला हवं होतं, पण मी चिडले. आमच्या घरातल्या शिकलेल्या बायकांना रिठा म्हणजे वाण्याच्या पुडीतलं वाळलेलं फळ. ते कुठल्याशा झाडाला लागतं, हे त्यांच्या गावीही नाही.

मला ते ठाऊक होतं, कारण आमचं बालपण पाटणजवळच्या खेड्यात गेलं. शैला तेव्हा कडेवर होती. ओढ्याकाठी रिठ्याचं झाड होतं. पपईच्या देठाची नळी करून आम्ही रिठ्याच्या फेसाचे फुगे उडवायचो आणि काळ्याभोर बियांच्या गोट्या खेळायचो. आई त्यानेच न्हाऊ घालायची. डोळ्यांत गेलं की अशी आग व्हायची की सगळी आळी गोळा व्हावी. सोनार पाटल्या उजळायला तेच वापरायचा. कुणाची अर्धशिशी उठली तर शेजारची म्हातारी रिठ्याच्या पाण्याचे थेंब नाकात सोडायची, त्याने डोकं थांबायचं की माणूसच घाबरून थांबायचं, देव जाणे. आणि उन्हाळ्यात ओढ्याचे डोह आटले की काही माणसं रिठे ठेचून डोहात टाकायची. थोड्या वेळात मासे पांढरी पोटं वर करून तरंगायचे. वडील त्या माणसांवर ओरडायचे, कारण लहान पिल्लंसुद्धा मरायची. हे शेवटचं नीट लक्षात ठेवा.

झाडाखाली एक म्हाताऱ्या बाई पदरात रिठे वेचत होत्या. पांढरं लुगडं, बारीक कापलेले केस, कमरेत वाकलेल्या. मी वरून म्हटलं, “रिठा!” त्यांनी मान वर केली आणि म्हणाल्या, “रिठा.” दोन्ही भाषांत शब्द एकच. बाकी सगळं माझं मोडकं हिंदी आणि त्यांचं बंगालीत बुडवलेलं हिंदी, पण त्या एका शब्दावर आमची गट्टी जमली.

त्या तपनबाबूंच्या आत्या. सगळं घर त्यांना पिशीमा म्हणतं, पिशी म्हणजे आत्या. अंगणामागची कोपऱ्यातली खोली त्यांची, आणि झाड बरोबर त्यांच्या खिडकीत. लहान वयात लग्न झालं, दोन वर्षांत नवरा गेला आणि त्या माहेरी परतल्या त्या याच खोलीत. या घरात त्यांच्याहून जुनं फक्त ते झाड. विधवा झाल्या दिवसापासून त्यांनी मासा तोंडात घातलेला नाही. कांदा-लसूणही नाही. घरात दोन्ही वेळा मासळी शिजते आणि पिशीमांची वेगळी शेगडी, वेगळी भांडी, एकटीचं ताट.

मी शाकाहारी म्हटल्यावर त्यांनी मला त्या ताटावर बोलावलं. काय जेवण होतं म्हणून सांगू! सुरुवातीलाच कडू. शुक्तो म्हणतात त्याला, कारलं आणि चार भाज्या एकत्र, वरून थोडं दूध. आपण कडू कारलं गूळ घालून फसवतो, त्या कडूला कडू म्हणून मानाने पहिलं वाढतात. मग खसखशीतला बटाटा, मग मुगाची डाळ. मी विचारलं, लहानपणी मासा आवडायचा का? त्यांनी खिडकीबाहेर पाहिलं आणि मला आणखी भात वाढला.

जेवता जेवता मी त्यांना माझंही सांगितलं. माझे हे गेले त्यालाही तीन वर्षं झाली. मागच्या वर्षी पुतण्याच्या बायकोच्या डोहाळजेवणाला मला सकाळपासून पुरण वाटायला बोलावलं आणि ओटी भरायची वेळ आली तेव्हा जाऊबाई हळूच म्हणाल्या, वहिनी, जरा आत गॅसकडे बघता का? मी बघितलं. गॅस बंद होता. बंद गॅसकडे बघत मी अर्धा तास उभी राहिले. पिशीमा हे ऐकून मोठ्याने हसल्या. मला आधी राग आला, मग त्यांच्या डोळ्यांकडे पाहिलं तेव्हा कळलं की हसण्यासारखं त्यात नेमकं काय आहे ते त्यांनाच ठाऊक आहे.

दुपारी पिशीमांनी ट्रंकेतून एक गरद काढली. गरद म्हणजे पांढरं रेशीम आणि लाल काठ, तिकडच्या सवाष्णीचं मानाचं लुगडं. त्यांच्या लग्नातली. पिवळी पडली होती. ती धुऊन झिनुकला शाधाला द्यायची, असा त्यांचा बेत. मग काय, शैलाचा शालू आणि विनायकरावांची शालही आली. आम्ही भिजत घातलेले रिठे उकळले, बिया काढल्या, हाताने कुस्करून पाणी गाळलं. रेशीम रिठ्यात घासायचं नसतं, बाळाला न्हाऊ घालावं तसं नुसतं दाबायचं, पिळायचं नाही, सावलीत पसरायचं. पिशीमांचे हात पाण्यात असे चालत होते की मी नुसती बघत राहिले. संध्याकाळी गरद वाळली आणि लाल काठ लग्नातल्यासारखा वर आला. रिठ्याचं पाणी पुष्कळ उरलं होतं, दोन बादल्या. उद्या पायपुसणी धुऊ म्हणून शैलाने ते जिन्यात ठेवलं.

खिदिरपूर आणि गार्डन रीच

दुसऱ्या दिवशी विनायकराव आम्हाला फिरायला घेऊन गेले. खिदिरपूरला त्यांच्या ओळखीचं एक मराठी कुटुंब आहे, तीन पिढ्या तिथलंच. आजोबा गोदीत नोकरीला आले ते राहिले. घरच्या बाईंनी साबुदाण्याची खिचडी केली होती आणि सोबत मोहरीची बंगाली चटणी ठेवली होती. खाऊन बघा, वाईट लागत नाही. त्यांची नात मला म्हणाली, “आजी, तू अजून भात घेणार का, की पोट भरून गेला?” आई तिला सुधारायला लागली. मी म्हटलं, राहू द्या, पोरगी विचारते आहे ना, तेच पुष्कळ. मग बसने गार्डन रीचला. नदीकाठी क्रेनचे सांगाडे, अर्धवट बांधलेली जहाजं आणि त्यांच्या सावलीत भजी तळणारे. भज्यात कांदा कमी आणि मिरी जास्त.

परतताना हावड्याहून बागबाजारच्या लाँचमध्ये बसलो. ऊन कलतं होतं, नदी गढूळ आणि रुंद, घाटांवर माणसं अंघोळी करत होती. विनायकरावांना इतिहास सांगायची हौस. मराठ्यांच्या स्वाऱ्यांना भिऊन कंपनीने शहराभोवती खंदक खणला, तो बागबाजारपासून सुरू झाला होता, वगैरे. इकडे अजून लहान मुलांना निजवताना बर्गी येईल म्हणून भीती घालतात. बर्गी म्हणजे आपण. मला त्यात अभिमान वाटावा अशी त्यांची अपेक्षा होती. मला वाटलं नाही, कुणाच्या पोराला आपल्या नावाने रडू यावं यात कसला अभिमान?

मग ते उत्साहाने म्हणाले, “ताई, तुमच्या रिठ्याच्या पाण्याचा सकाळी मी फर्स्टक्लास उपयोग केला. जिन्याखालचा तो हौद आहे ना, पाणी साचून डास झालेत त्यात. वर्षभर बघतोय, नुसता पडलाय. दोन्ही बादल्या ओतल्या. रिठ्याने डासांच्या अळ्या मरतात, मी वाचलंय. उगाच वाया कशाला घालवायचं?”

वाया कशाला घालवायचं! हे वाक्य आपल्या लोकांच्या तिरडीवर लिहिलेलं असेल. उरलेल्या आमटीची भाकरी, उरलेल्या भाकरीचा चिवडा, आणि उरलेल्या रिठ्याच्या पाण्याचं हे. तेव्हा मात्र मीही मान डोलावली. त्या हौदात काय आहे, हे आम्हा तिघांपैकी कुणालाच ठाऊक नव्हतं. हौदभर साचलेल्या पाण्यात कुणाचं उद्याचं जेवण पोहत असेल, हे शाकाहारी मराठी घरात कुणाच्या डोक्यात येणार?

अंगण

घरी पोचलो तेव्हा अंगणात सगळं घर उभं होतं. तपनबाबूंनी आदल्या संध्याकाळी शाधासाठी जिवंत कोई मासे आणून हौदात सोडले होते. सगळे मेले होते. पाण्यावर फेसाची साय आणि पांढरी पोटं. पाटणच्या ओढ्यातला डोह मला तिथे बागबाजारात दिसला.

बौदी बोलत होत्या आणि पिशीमा आपल्या दाराशी भिंतीला टेकून उभ्या होत्या. शैला माझ्या कानात मराठी करून सांगत होती. बौदींचं म्हणणं असं: दिवस गेलेल्या सुनेच्या शाधाचे मासे मेले, याहून मोठा अपशकुन नाही. विधवेची नजर आहे ही. स्वतःला खायला मिळत नाही म्हणून दुसऱ्याचं बघवत नाही. कालपासून झाडाखाली बसून काय काय उकळत होत्या, विचारा. आणि वर स्वतःच्या ट्रंकेतलं लुगडं पोटुशीला द्यायला निघाल्या होत्या, नवरा गेलेल्या बाईचं लुगडं. एवढं म्हणून बौदींनी ती गरद आणून पिशीमांच्या खाटेवर टाकली. किती जपून वाळवली होती आम्ही ती.

तपनबाबू चढ्या आवाजात बोलत नाहीत. ते शांतपणे म्हणाले की त्यांनी नवद्वीपच्या एका आश्रमात आधीच बोलणं केलेलं आहे, गुरुवारी तिथली माणसं येऊन पिशीमांना बघून जातील. आता हे झाल्यावर उशीर करण्यात अर्थ नाही. बाळ येण्याआधी खोली मोकळी झालेली बरी.

झिनुक पोटावर हात ठेवून खाली बघत उभी होती.

मी विनायकरावांकडे पाहिलं. ते हौदाकडे बघत होते. मला वाटलं, आता बोलतील. मग ते चपला काढून, त्या नीट जोडीने ठेवून, जिना चढून वर गेले.

वर गेल्यावर मी विचारलं, काय करायचं ठरवलंत? आधी ते म्हणाले, रिठा आयुर्वेदिक आहे, नैसर्गिक आहे, त्याने कसे मरतील मासे? मी त्यांना ओढ्याचं सांगितलं. त्यांनी फोनमध्ये शोधलं आणि फोन उलटा ठेवला. मग म्हणाले, “आता सांगून काय होणार, ताई? मासे जिवंत होणार आहेत का?”

“मासे नाही होणार. ती बाई जिवंत आहे अजून,” मी म्हटलं.

शैला रडायला लागली. अजून दोन वर्षं इथे काढायचीत, घरमालकाशी वाकडं घेऊन कसं चालेल, यांची इथे किती इज्जत आहे, आणि म्हातारीला तर ते नाहीतरी पाठवणारच होते. तिचं ते ‘नाहीतरी’ ऐकून माझ्या अंगाचा तिळपापड झाला. माझी सख्खी बहीण, एका ताटात जेवून वाढलेली. तिला मी त्या रात्री जे बोलले ते इथे लिहीत नाही. पण शब्द परत घेतलेले नाहीत, हेही सांगून ठेवते.

सकाळी मी आंघोळ करून एकटीच खाली गेले आणि तपनबाबूंना माझ्या तोडक्यामोडक्या हिंदीत सगळं सांगितलं. पाणी आमचं, ओतलं आमच्या विनायकरावांनी, रिठ्याने मासा मरतो, पिशीमांचा काही संबंध नाही. माझा आवाज चढला होता. एवढ्यात विनायकरावही खाली आले, बहुधा मला थांबवायला.

तपनबाबूंनी सगळं ऐकलं आणि चक्क हसले. विनायकरावांच्या पाठीवर थाप मारली. अरे, एवढंच ना? बर्गी आला आणि मासे मारून गेला! डासांसाठीच केलंत ना, चांगल्याच हेतूने केलंत, मी सांगायला हवं होतं की हौदात मासे आहेत. बाजारातून दुसरे येतायत, मनाला लावून घेऊ नका. आणि आतून संदेश मागवले, ती तिकडची छेन्याची मिठाई. विनायकरावांनी संदेश घेतला. हसत हसत घेतला. आदल्या दिवशी जे पाप होतं, नजर होती, अपशकुन होता, ते बँकेच्या साहेबांच्या हातून झालं म्हटल्यावर गंमत झालं.

मी म्हटलं, म्हणजे आता पिशीमा इथेच राहणार?

तपनबाबू गंभीर झाले. ते वेगळं, म्हणाले. ते त्यांच्या भल्यासाठी आहे. त्या निरामिष, आमचं घर मासळीचं. आयुष्यभर त्यांनी हा वास सोसला. आश्रमात सगळं सात्त्विक, कीर्तन, तुळस, त्यांच्यासारख्याच बायका. तिथे त्यांना शांती मिळेल. हे ते इतक्या मायेने म्हणाले की क्षणभर मलाच खरं वाटलं. खोली पुढे परदेशी पाहुण्यांना भाड्याने द्यायची आहे, हे मला नंतर शैलाकडून कळलं.

मी तशीच पिशीमांच्या खोलीत गेले आणि एक अक्षर न गाळता सगळं सांगितलं, संदेशासकट. त्या खिडकीशी बसून रिठ्याच्या बिया वेगळ्या काढत होत्या. कुणी ओतलं हे ऐकून त्यांनी नुसती मान हलवली. आश्रमाचं ऐकताना मात्र हात थांबले. तपन काय म्हणाला, निरामिष म्हणून? त्यांनी पुन्हा विचारलं. मी पुन्हा सांगितलं. त्या परत बिया काढायला लागल्या. मला त्यांचाही राग आला. अहो, बोला की काहीतरी, भांडा, असं मी चक्क मराठीत ओरडले.

शाध

दुपारी अंगणात केळीची पानं मांडली. मधोमध झिनुक, नव्या साडीत, समोर दिवा, पायस आणि नवे आलेले कोई मासे, तेलात तळून मोहरीच्या रश्शात सोडलेले. सवाष्णी तिला एकेक घास भरवत होत्या. मला पाहुणी म्हणून मान होता, पण पान जिन्याजवळ, जरा बाजूला. कऱ्हाड काय नि कोलकता काय. इथे निदान मला गॅसकडे बघायला सांगितलं नाही.

तेवढ्यात पिशीमा आल्या. धुतलेलं पांढरं लुगडं, केस ओले. त्या जिन्याकडे आल्या नाहीत. सरळ पंक्तीत, झिनुकच्या शेजारच्या पानावर जाऊन बसल्या. ती जागा झिनुकच्या आईसाठी ठेवली होती आणि ती बाई अजून दारातच होती. बौदी हातात माशाचं भांडं घेऊन वाढत येत होत्या. पिशीमांनी पानावर पाणी शिंपडलं, भात आपल्या तोंडाने मागून घेतला आणि बौदींकडे बघून म्हणाल्या, “मासा वाढ.”

बौदी तशाच उभ्या राहिल्या. तपनबाबू पुढे येऊन म्हणाले, पिशीमा, हे काय? पिशीमांनी त्यांच्याकडे बघितलंही नाही. “नजर लावली म्हणता ना? मग चव तरी बघू दे,” त्या म्हणाल्या.

कुणी हलेना. मग झिनुकने आपल्या पानातला, शाधाचा, तिच्या नावाचा अख्खा कोई उचलला आणि पिशीमांच्या भातावर ठेवला. सासूकडे न बघता. मग स्वतः जेवायला लागली.

पिशीमा सावकाश जेवल्या. कोईला काटे फार, आणि साठाहून जास्त वर्षांत त्या हाताने एक काटा काढलेला नव्हता. तरी बोटांना सगळं आठवत होतं. काटा बाहेर काढायचा, पानाच्या कडेला ठेवायचा, घास करायचा. मी मासा कधी खाल्लेला नाही आणि त्या वासाने मला मळमळतं, पण मी शेवटपर्यंत नजर काढली नाही. आवडलं का, दुःख झालं का, त्यांच्या तोंडावर काही दिसलं नाही. मला मात्र रडू येत होतं आणि त्याहून जास्त चीड. उभ्या आयुष्याचं व्रत एका बाईला भूक लागली म्हणून मोडावं, हौस म्हणून मोडावं, मी टाळ्या वाजवल्या असत्या. ते एका खोलीसाठी मोडायला लावलं या लोकांनी. आणि त्या लोकांत संदेश खाणारे आमचे विनायकरावही आले. ते पंक्तीत बसून मान खाली घालून खसखशीतला बटाटा खात होते.

बौदींनी शेवटी विचारलं, आणखी काही हवं का? पिशीमा म्हणाल्या, “मीठ कमी आहे.”

जेवण झाल्यावर त्या उठून नळाशी गेल्या. हातांना मोहरीचा आणि माशाचा वास भपकन येत होता. मी धावत जाऊन रिठ्याचं ताजं पाणी आणलं. त्याने कसलाही वास जातो, आमच्याकडे हिंगाच्या डब्याचासुद्धा जातो. मी तांब्या वाकडा केला, तर त्यांनी दोन्ही हात मागे घेतले आणि पदराआड धरले.

“ना, रिठा नको,” त्या म्हणाल्या. “गुरुवारी आश्रमाची माणसं येणार आहेत. तोपर्यंत वास राहू दे.”